तिसऱ्या मजल्यावरची चाळीस मिनिटं

फोटोत नऊ खुर्च्या होत्या, गोल मांडलेल्या. वायरींच्या तुकड्यांपासून केलेलं बुद्धिबळ होतं, त्याचे मोहरे एकतीस, आणि बत्तिसाव्याच्या जागी शर्टाचं बटण. चिंध्यांचा एक चेंडू. खुर्च्यांभोवती गालिचात एक लांबट वाट पडली होती, इतकी झिजलेली की खालचं सिमेंट दिसत होतं. वल्लरीने वर्तमानपत्र फ्रिजला टेकवलं आणि पुन्हा मोजलं.

"हे सगळं चाळीस मिनिटांत?"

"गालिचा जुनाच होता गं," शिरीष म्हणाला. तो गॅसपाशी उभा होता. "ते दे ना इकडे... ते, परतायचं."

"काय परतायचं?"

"हे." त्याने थालीपिठाकडे बोट दाखवून हवेत मनगट फिरवलं.

"उलथनं?"

"हां. उलथनं." नवा पदार्थ चाखून पाहावा तसा त्याने तो शब्द उच्चारला.

सिंगापूरला स्वतःचा काळ पुरत नाही, तो पाण्यासारखा समुद्रापलीकडून नळाने येतो, हे शाळेतल्या पोरांनाही पाठ असतं. आंग मो किओतल्या कारखान्यांना तो जास्त लागायचा. चिप दहा वर्षं टिकेल का, हे बघायला दहा वर्षं कोण थांबणार? मग ती टाकीतल्या काळात बुडवायची आणि संध्याकाळपर्यंत उत्तर मिळवायचं. २०१६च्या ऑगस्टमध्ये शिरीषच्या कंपनीच्या गच्चीवरची टाकी फुटली आणि सगळा काळ तिसऱ्या मजल्यावर उतरला. बाहेर दुपारचा जेमतेम पाऊण तास गेला. आत किती गेला, ते तिथे अडकलेल्या शिरीषसह नऊ जणांनाच माहीत. चुकून माणूस सापडला तर म्हणून टाकीतल्या काळात औषध मिसळलेलं असतं. ते रक्तातून अंगभर पसरतं, मग भूक लागत नाही, केस वाढत नाहीत, कातडी सुरकुतत नाही. त्यामुळे माणसाकडे बघून काही कळायची सोय नव्हती.

डॉक्टरांनी नऊ जणांना वेगवेगळं बसवून विचारलं. नऊही जण म्हणाले, चाळीस मिनिटं. कुणी पस्तीस म्हणालं नाही, कुणी तासभर म्हणालं नाही. कंपनीने सुटकेचा निःश्वास टाकला. वल्लरीच्या मनात मात्र तिथेच शंकेची पाल चुकचुकली. बीएस्सीला तिने फिजिक्स घेतलं होतं. नऊ माणसांचे अंदाज इतके तंतोतंत जुळले, तर तो अंदाज नसतो. ते ठरवलेलं असतं.

त्या संध्याकाळी घरी आल्यावर शिरीषने अदितीची हनुवटी धरून म्हटलं होतं, "अजून एवढीशीच?"

"बाबा, यू सॉ मी दिस मॉर्निंग, वॉट," दहा वर्षांची अदिती म्हणाली आणि हनुवटी सोडवून टीव्हीकडे वळली.

शनिवारी तिघं टॅम्पिनीसच्या हॉकर सेंटरमध्ये जेवायला गेले. कॉफीवाल्या अंकलशी शिरीष चिनी भाषेत बोलायला लागला. एखादा शब्द नव्हे, चांगली अडीच-तीन मिनिटं. अंकल खो खो हसले आणि त्यांनी एक कॉफी फुकट दिली.

"बाबा, युअर चायनीज सो पॉवर लाह!"

"हे कधी शिकलास?" वल्लरीने विचारलं.

"ऑफिसात कानावर पडतं."

"अकरा वर्षं पडतच होतं की. कॉफीत साखर नको, एवढं सांगायलासुद्धा 'कोसोंग' हा शब्द अदितीकडून वदवून घ्यायचास."

"आता जमतंय, तर त्याचाही जाब देऊ?" तो हसला. हसू जरा उशिराच आलं.

शिरीष खोटं बोलतोय याबद्दल तिला आता शंका नव्हती. त्या नऊ जणांत चार बायका होत्या. तिचं डोकं खात होतं ते हे.

वल्लरी मॉलमधल्या चष्म्याच्या दुकानात डोळे तपासायची. रविवारी दुकान उघडायच्या तासभर आधी ती त्याला घेऊन गेली.

"मला कशाला? मार्चमध्ये तर बघितलेस की."

"चाळिशी उलटलेल्यांनी वरचेवर बघावे. बस."

मार्चमध्ये त्याला जवळचं वाचायला प्लस अर्धा नंबर लागला होता, एक्केचाळिशीला शोभेल असा. पन्नाशी गाठेपर्यंत तो प्लस दोनपर्यंत चढतो. डोळ्यातलं भिंग वर्षागणिक कडक होत जातं, आणि त्या भिंगाला रक्तवाहिनी नसते. टाकीतलं औषध तिथे पोचणार कसं, हे आदल्या रात्री तिच्या डोक्यात आलं होतं.

दुकानातलं इंग्रजी कार्ड शिरीषला पाठ होतं. म्हणून तिने बारीक अक्षरांत मराठी कार्ड छापून आणलं होतं.

आधी दूरचं बघायचं म्हणून तिने दिवा बंद केला. अंधार झाला आणि शिरीषचा डावा हात खुर्चीवरून उठला. बाजूला गेला, तळवा वर करून हवेत थांबला. तिथे भिंगांची ट्रॉली होती, बाकी कुणी नव्हतं.

"डावीकडे कोण असायचं?" वल्लरीने विचारलं.

त्याने हात मागे घेऊन मांडीवर ठेवला.

"आमचं नऊ जणांचं ठरलंय, वल्लरी."

"काय ठरलंय?"

"घरी काय सांगायचं ते. तुमची इथे एक दुपार गेली होती. अदितीचा सकाळचा डबा अजून सिंकमध्ये होता. त्या घरात येऊन सांगू काय?"

"मी हाताचं विचारतेय."

त्याने हात पुढे केला. "कार्ड दे."

तिने कार्डावरचा छोटा दिवा लावला.

"मान, मान. धन, धन. मार, मार."

"एकेक शब्द दोनदा कशाला छापीन मी?"

"तुझा काही नेम नाही," तो म्हणाला. दोघांपैकी कुणीच हसलं नाही.

तिने त्याच्या डोळ्यांपुढे प्लस एकचं भिंग लावलं.

"पहिलं भान आहे का?"

"मला विचारू नकोस. दिसतं ते वाच."

दीड लावलं. "भान, मान. पुढे धन, धन."

पावणेदोन. "घन, धन. मार... नाही, थांब."

आता त्याने डोळे बारीक करणं सोडून दिलं होतं. कार्ड हातभर अंतरावर धरून तो शांत बसला होता. वल्लरीने दोन्ही डोळ्यांपुढे आणखी पाव नंबर वाढवला.

"भान, मान, घन, धन, भार, मार," त्याने न अडखळता वाचलं.

तिने खोलीतला दिवा लावला आणि नोंद केली. शिरीष, वय एक्केचाळीस. जवळचं वाचन, दोन्ही डोळे : प्लस दोन.