एका डोळ्याचं गणित

चेंडू काढायला मला सात रविवार लागले. तयार सॉफ्टवेअरमध्ये तो एका बटणावर मिळतो, हे घरात सगळ्यांनी मला सांगून झालं होतं. पण मला तो स्वतः काढायचा होता. आधी ठिपका, मग रेघ, रेघांचे त्रिकोण आणि त्रिकोणांचा चेंडू, सगळा हिशेब आपल्या हातानं लिहून. दिवसभर छापखान्यात दुसऱ्यांची पानं लावणाऱ्या माणसाला एवढीही हौस असू नये का? माझे वडील, आप्पा, या उद्योगाला ‘त्रिकोणांचा कारखाना’ म्हणत आणि मला प्रोफेसर.

आप्पांचं सलून आहे. अडतीस वर्षं ते एकाच खुर्चीमागे उभे आहेत. दोन महिन्यांपूर्वी त्यांच्या उजव्या डोळ्याची नस बंद पडली आणि तो डोळा कायमचा गेला. डावा ठणठणीत होता, पण चहा कपाऐवजी टेबलावर ओतला जाऊ लागला. “टेबलालाही तहान लागते,” असं म्हणून ते हसायचे. आई हसायची नाही.

मग एकदा दाढी करताना वस्तरा त्यांच्या अंदाजाच्या आधीच गालाला टेकला. नखाएवढी चीर पडली. गिऱ्हाईक बिचारं “असू द्या” म्हणालं. आप्पांनी वस्तरा पुसला, मिटला आणि खणात ठेवला, तो ठेवलाच. कात्री चालू राहिली. दाढीला आलेल्या माणसाला मात्र ते “आज हात दुखतोय” म्हणून परत पाठवू लागले.

मी मदतीला धावलो. एका सुट्टीत शिडीवर चढून दुकानाच्या चारही भिंतींवर चार ट्यूबलाइट बसवल्या. म्हटलं, आता सुई पडली तरी दिसेल.

“दिसतंय सगळं,” आप्पा म्हणाले. “कळत नाही.”

माझं डोकं तापलं. एवढा घाम गाळला, तर कौतुकाचा एक शब्द नाही. “तुम्हाला करायचंच नाहीये,” मी फाडकन बोलून गेलो. दुसऱ्या दिवशी आप्पा जागेच्या मालकाला सांगून आले, की महिनाअखेरीस दुकान सोडतो. रात्री जेवताना आईला म्हणाले, “ज्याच्या हातात वस्तरा नाही तो कसला न्हावी?” आईनं माझ्याकडे रोखून पाहिलं.

रविवारी तिनंच त्यांना माझ्या खोलीत पाठवलं. “एकमेकांशी बोलल्याशिवाय दोघांनाही जेवायला मिळणार नाही,” एवढं ऐकू आलं.

आप्पा मागे येऊन उभे राहिले. “हे काय?”

“चेंडू.”

“ताटली आहे ही.”

“चेंडूच आहे, आप्पा. बाराशे त्रिकोणांचा.”

“लाखाचा असू दे. ताटली ती ताटली.”

खोटं नव्हतं ते. मी प्रत्येक त्रिकोणाला सारखाच उजेड दिला होता. मग मी डावीकडे, जरा वर, एक दिवा ठेवला. दिवा म्हणजे काय, त्याची जागा सांगणारे तीन आकडे. ज्या त्रिकोणाचं तोंड दिव्याकडे तो उजळायचा, ज्यानं पाठ फिरवली तो काळा पडायचा. चेंडू टम्म फुगून आला.

“हं, आता चेंडू,” आप्पा म्हणाले. “पण बघतंय कोण याच्याकडे?”

“कॅमेरा. तोही नुसता मानलेला. एका बिंदूतून बघतो, म्हणजे एकाच डोळ्यानं.”

आप्पांनी स्टूल ओढलं. “म्हणजे हा माझ्यासारखाच काणा! मग याला जवळचं-लांबचं कसं कळतं?”

“त्याच्याकडे अंतराचे आकडे असतात. चित्र बघणाऱ्याला मात्र उजेडावरून, सावलीवरूनच ओळखावं लागतं.”

मी चेंडूखाली फरशी काढली. “टेकलाय का खाली?”

“टेकलाय की.”

मी सावली चालू केली. ती चेंडूपासून चांगली दोन बोटं लांब पडली. चेंडू अधांतरी होता. तो हळूहळू खाली आणला, तशी सावली सरकत जवळ आली आणि त्याला भिडली.

“आता टेकला,” आप्पा म्हणाले. त्यांनी मला तो पुन्हा वर न्यायला लावला, पुन्हा खाली. पाच-सहा वेळा. दर वेळी नेमक्या क्षणी “टेकला.”

मग ते एकाएकी माझ्याकडे वळले. “तुझ्या त्या चार ट्यूब! चारीकडून उजेड. वस्तऱ्याला सावली म्हणून राहिली नाही. चांगलेच दिवे लावलेस, प्रोफेसर!”

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. सगळीकडून सारखा उजेड टाकला की वस्तू चपटी दिसते, हे मी स्वतःच्या हातानं लिहून शिकत होतो, आणि बापाच्या दुकानात नेमकं तेच करून ठेवलं होतं. वर त्यांनाच बोललो होतो.

आम्ही तसेच दुकानात गेलो. चारही ट्यूब बंद केल्या. घरून आणलेला माझा टेबललॅम्प आरशापाशी डावीकडे ठेवला. “बस,” आप्पा म्हणाले. मी बसलो.

त्यांनी साबण फेसला, लावला, वस्तरा उघडला. पांढऱ्या फेसावर पात्याची काळी रेघ उमटली. पातं जवळ आलं, रेघ जवळ आली, दोन्ही भिडली. “टेकला,” आप्पा पुटपुटले, आणि वस्तरा लोण्यातून फिरावा तसा गालावरून उतरला. एक गाल झाला. दुसरा झाला. ते शीळ घालू लागले.

हनुवटीखाली मात्र हात थांबला. तिथं हनुवटीचीच सावली होती, तिच्यात पात्याची सावली बुडून गेली.

“इथं नाही कळत,” ते म्हणाले. त्यांचा आवाज पडला. “झालं तेवढं पुष्कळ झालं. ऊठ.”

मी उठलो नाही. हात लांब करून लॅम्प उचलला, छातीपाशी धरला आणि मान मागे टाकली. “सांगा, कुठं धरू?”



“जरा खाली,” आप्पा म्हणाले. “डावीकडे. अजून. हं, थांब.”

मला आता फक्त छत दिसत होतं. गळ्याला गार पातं लागलं आणि अलगद वर सरकलं.

“आप्पा, त्या दिवशी मी जे बोललो ना...”

“बोलू नकोस. गळा हलतो.”

पातं येत-जात राहिलं. मग त्यांनी ओल्या रुमालानं तोंड पुसलं, अंगठा गळ्यावरून उलटा फिरवून पाहिला, कुठं काही राहिलं नव्हतं.

“मालकाला उद्या सांगून येतो, दुकान सोडत नाही म्हणून,” ते म्हणाले. वस्तरा पुसून त्यांनी तो खणात न ठेवता आरशापुढे ठेवला. “हं. आता बोल, काय म्हणत होतास?”

मी त्यांचा साबणानं ओला हात धरला आणि तसाच बसून राहिलो.