वळू, एक नग

ऑफिस कुठलं ते सांगत नाही, मला अजून वीस वर्षं नोकरी करायची आहे. आंबेगाव तालुक्यात आहे आणि मी तिथली आवक-जावक क्लार्क प्राची, एवढं पुरे.

चांगदेव आमच्या ऑफिसच्या हाताखालच्या, तळेघरकडच्या जनावरांच्या दवाखान्यात शिपाई होते. तेहतीस वर्षं नोकरी करून निवृत्त झाले, पण ग्रॅच्युइटी अडकली. कारण नोंदवहीत त्यांच्या ताब्यात 'डांगी वळू, एक नग' दाखवलेला. तो वळू तेरा वर्षांपूर्वीच साप चावून मेला होता. पंचनामाही झाला होता, पण तो कागद आमच्याच कपाटात वाळवीनं खाल्ला. वाळवीला नोटीस काढता येत नाही, म्हणून चांगदेवांना काढली. वळू जमा करा, मग ना-देय दाखला मिळेल.

ते कोर्टात गेले. आमच्या साहेबांनी तिथंही तेच लेखी उत्तर दिलं आणि तारखांवर तारखा पडत दोन वर्षं गेली. तिकडे त्यांच्या बायकोचं, प्रयागबाईंचं, गुडघ्याचं ऑपरेशन पैशांवाचून थांबलेलं. मंचरच्या डॉक्टरांनी दोनदा दिवस दिला, दोनदा यांनी मोडला. त्या डोंगरात चालल्याशिवाय काही मिळत नाही आणि बाई तर दारापर्यंतही भिंत धरून जायच्या. मला साहेबांचा भयंकर राग यायचा. पण पगारपत्रकावर सही त्यांचीच, म्हणून गिळून गप्प बसायची.

एका सोमवारी चांगदेव टेम्पोतून चक्क वळू घेऊन आले. डिंभ्याचा त्यांचा मेहुणा हौशीराम, त्याच्याकडून दिवसभरासाठी मागून आणलेला. साहेबांच्या जीपला तो बांधला आणि हात जोडून दारात उभे राहिले.

"वळू आणलाय, साहेब. पोच द्या."

साहेब बाहेर आले. जनावरांचे डॉक्टर ते, आधी दात पाहिले. हा जेमतेम चार वर्षांचा, नोंदवहीतला असता तर पंचविशीचा. हा तो नव्हे, घेऊन जा, म्हणाले. चांगदेव म्हणाले की नेतो, पण तसं लिहून द्या, कोर्टाला दाखवायला लागतं. एव्हाना बघ्यांची गर्दी झाली होती आणि वळू जीपच्या बॉनेटवर शिंगं घासू लागला होता. ठेवून घ्यावा तर खोटा वळू घेतल्याचा ठपका, वर वैरणीचं बिल कोण मंजूर करणार? साहेबांची पार पंचाईत झाली.

"लिहा, प्राची," ते म्हणाले. "सदर वळू तो नसल्याने परत करण्यात येत आहे."

मी साळसूदपणे विचारलं की कारण काय घालू, कारणाशिवाय पत्र कोर्टात टिकायचं नाही.

"अहो, तो केव्हाच मेलाय, हे कारण. घाला."

घातलं. साहेबांनी तिरीमिरीत सही ठोकली. त्यांच्या डोक्यात उजेड पडायच्या आत मी जावक क्रमांक टाकला, गोल शिक्का मारला आणि प्रत चांगदेवांच्या हातात दिली. जावक क्रमांक पडलेला कागद माघारी येत नाही. त्यांनी तो दोनदा वाचला, घडी करून खिशात ठेवला आणि वळू सोडला.

पुढच्या तारखेला वकिलांनी तो कागद कोर्टापुढे ठेवला. वळू मेल्याचं आता आमच्याच ऑफिसनं सही-शिक्क्यानिशी सांगितलं होतं. महिनाभरात रक्कम व्याजासकट जमा झाली. दिवाळीच्या सुमाराला प्रयागबाई ऑफिसच्या पायऱ्या कुणाचाही हात न धरता चढून आल्या, मागून चांगदेव पेढे घेऊन. माझे डोळे भरून आले.

साहेबांनीही पेढा घेतला. मार्चमध्ये ते निवृत्त व्हायचे होते आणि त्यांच्या नावावर एक मायक्रोस्कोप निघत होता, जो ऑफिसात कुणी कधी पाहिलाच नव्हता. आवाज खाली आणून ते म्हणाले, "चांगदेव, मलाही काहीतरी मार्ग सांगा."

"सांगतो की," चांगदेव पेढ्यांचा पुडा बांधत म्हणाले. "पण आधी दोन वरसं हितं चकरा मारा, साहेब. त्याबिगर सुचत न्हाई."