वेराचं हसू

मित्रांनो, दुबईच्या अल क्वोजमध्ये, एका मिसळीच्या कॅफेच्या दाराशी उभा असलेला मी एक जुना रशियन कॅमेरा आहे. येणारे-जाणारे माझ्या गळ्यात हात टाकून फोटो काढून घेतात. एकेकाळी चित्रं मी टिपत असे.

मॉस्कोच्या एका स्टुडिओत मुलांसाठी बाहुल्यांचे चित्रपट बनत. मला चालवणारे ग्लेब तरुणपणी तिथे आले आणि केस पांढरे होईपर्यंत माझ्यापासून हलले नाहीत. बाहुलीचा पाय तांदळाएवढा सरकवायचा, एक चित्र घ्यायचं. पुन्हा सरकवायचा, पुन्हा एक चित्र. दिवसभर राबावं, तेव्हा कापडी बदकाचं पिल्लू जेमतेम अंगण ओलांडी. पण पडद्यावर ते चालू लागलं की मुलं टाळ्या पिटत. त्या बाहुल्या ग्लेबची बायको वेरा शिवत असे.

एका चित्रपटाच्या शेवटी थोडी फिल्म उरली. ग्लेबनी वेरालाच बाहुल्यांच्या जागी बसवलं.

"हस, पण थोडं थोडं."

ती ओठ किंचित हलवी, मी एक चित्र घेई. एक हसू टिपायला सगळी दुपार गेली.

ती फिल्म धुवायला जाण्याआधीच स्टुडिओला कुलूप लागलं. पुढे वेरा वारली. मी भंगारात विकला गेलो आणि फिरत फिरत शारजाच्या एका गोदामात पोचलो. तिथून कॅफेचे मालक सुदेश यांनी मला सजावटीसाठी आणलं.

मुलीकडे राहायला आलेले ग्लेब एकदा इथे चहा प्यायला आले. मला पाहिलं आणि चहा तसाच निवला. त्यांनी माझ्या पोटाला कान लावून हळूच कळ फिरवली. फिल्म आतच होती!

"नो ओपन, प्लीज," ते सुदेशना म्हणाले. "लाइट, फिनिश. माय वाइफ इनसाइड."

शुक्रवारी काळी पिशवी आणतो, तिच्यात अंधारातच फिल्म काढतो, असं त्यांनी खुणा करकरून समजावलं.

"इन्शाल्ला, हबीबी! कोई हाथ नहीं लगाएगा."

ते गेल्यावर सुदेश खो खो हसले. "म्हणे बायको आत आहे! आमचीपण ठेव म्हणावं चार दिवस."

शुक्रवारी सुदेशच्या मुलीचा, पर्णिकाचा वाढदिवस होता. "फिल्म बाहेर लोंबली की फोटोत भारी दिसेल," म्हणत सुदेशनी स्क्रूड्रायव्हर घेतला.

"पप्पा, दॅट अंकल सेड डोन्ट ओपन!"

"अगं, नुसती पट्टी तर आहे. खातोय का मी ती?"

मला ओरडता येत नाही. झाकण निघालं. दिव्यांचा झगझगाट आत शिरला आणि वेराचं हसू कुणीही बघण्याआधी पुसलं गेलं. पट्टी फुग्यांमध्ये टांगली गेली.

थोड्या वेळानं ग्लेब आले. इस्त्रीचा शर्ट, हातात काळी पिशवी.

"देखो हबीबी, आपका काम कर दिया!"

ग्लेब वर बघत राहिले. मग त्यांनी ती पट्टी उतरवली, चांगली फिल्म गुंडाळावी तशी फक्त कडेला धरून गुंडाळली, काळ्या पिशवीत ठेवली आणि पिशवीचं तोंड घट्ट बांधलं.

"पप्पा, व्हाय इज ही क्राइंग?"

"खूश झालेत ते. केक दे त्यांना."

मित्रांनो, कुणी 'उघडू नका' म्हणालं, तर कारण कळलं नाही तरी थांबा. माझं झाकण आता उघडंच असतं. आत टिश्यू पेपर ठेवतात. हवा तर खुशाल घ्या. जपण्यासारखं आत काही उरलेलं नाही.