माझ्या पाठीमागे वाढलेले बेट

मी एक जुना ऐनाचा ओंडका आहे. मित्रांनो, माझी दोन्ही टोके वाळूत पुरलेली आहेत, म्हणून गोष्टही मधूनच सांगतो.

तर मधे, माझ्या पाठीवर, रखमी बसली होती आणि उठायला तयार नव्हती.

"ऊठ गो!" तिचा नवरा लडक्या म्हणाला. त्याच्यापुढे बैलजोडी होती आणि बैलांच्या जुवाला बांधलेला दोर माझ्या कमरेला.

"नाय उठत. खांब दुसरा बघ."

काठावरून सासू बुधीबाई ओरडली, "घराला खांब पाहिजे, तं सूनच खांब होऊन बसली!"

थांबा. आता हे टोक सांगतो, जुने.

मी जव्हारकडच्या डोंगरात उभा होतो. एका पावसाळ्यात दरड कोसळली, मी सूर्या नदीत पडलो आणि वाहत येऊन कासा गावापाशी खडकांना आडवा अडकलो. फार लाज वाटली. ना फांदी, ना पान, नुसता अडथळा! पण पाणी माझ्यापाशी आले की मंदावायचे. मंदावलेल्या पाण्याला ओझे पेलवत नाही. ते वाळू आणि गाळ माझ्या पाठीमागे ठेवून पुढे जायचे. थरावर थर चढले. लव्हाळे उगवले, त्याच्या मुळांनी वाळू घट्ट धरली. एका हिवाळ्यात पाहतो तो काय, माझ्यामागे जमीन आणि तिच्या चारी बाजूंना पाणी. बेट! समुद्रात म्हणे आगीच्या डोंगरांची, पोवळ्यांची बेटे असतात. असोत. माझे गाळाचे.

महाराष्ट्र राज्य झाले त्या सुमारास रखमीने त्यावर काकडी लावली. चैत्रात विवळवेढ्याला महालक्ष्मीच्या जत्रेत ती विकायला न्यायची. तिची स्वतःची म्हणावी अशी जमीन तेवढीच.

पुन्हा मधे. लडक्याने बैल हाकले. मी हातभर सरकलो. रखमीही माझ्यासकट सरकली! खालच्या फटीतून धार शिरली आणि काकडीचा पहिला वाफा गुळासारखा विरघळला. पिवळ्या फुलांसकट वेल वाहून चालला.

लडक्या बघतच राहिला. "अरे, हे सगळं तं ह्याच्याच आधारावर हाय!"

त्याने दोर सोडला, पाण्यात उडी घेतली आणि फट बुजवायला स्वतःच तिच्यात बसला. "दगड आण गो, लवकर!"

"आता तू नको उठूस," रखमी हसत म्हणाली आणि दगड वेचायला धावली.

राहिले दुसरे टोक. लडक्याच्या घराला वाकडा खांब लागला. बुधीबाई त्याला टेकून पाहुण्यांना सांगते, "सरळवाला नदीत कामाला हाय."

मित्रांनो, नदीत आडवे पडलेले लाकूड दिसले, तर ओढण्याआधी एकदा त्याच्या पाठीमागे बघा. तिथे कुणाची तरी काकडी फुलत असेल. आणि दमला असाल तर खुशाल माझ्यावर बसा. रखमीची जागा तेवढी सोडून.