गाऱ्हाण्यातलं नाव

मारेकचा फोन आला तेव्हा मी पडवीत सुपारी सोलत बसलो होतो. फेब्रुवारीची सत्तावीस तारीख, दुपारचा दीड. मारेक म्हणजे माझा जावई, पोलंडचा. त्याला मराठीतले चारच शब्द येतात. आई, बाबा, हो आणि नाही. एरवी फोन माझी मुलगी शमिका लावते आणि तो मागून हात हलवतो. त्या दिवशी तो एकटाच बोलला.

"बाबा, आई नाही."

मला वाटलं, माझी बायको लीला तिकडे घरात नाही असं तो सांगतोय. मी म्हटलं, "बाजारात गेली काय? आली की फोन कर म्हणावं."

"बाबा, आई नाही," तो परत म्हणाला. "नाही." आणि रडायला लागला. मागून शमिकाचा आवाज आला, बाळाचाही आला. तेव्हा मला कळलं.

लीला सकाळी स्वयंपाकघरात चहा ठेवत होती. तिथेच छातीत कळ आली आणि खाली बसली. गाडी दहा मिनिटांत आली, पण तिच्यात काही उरलं नव्हतं. हे सगळं शमिकाने मला नंतर सांगितलं.

लीला डिसेंबरात तिकडे गेली होती, शमिकाच्या बाळंतपणाला. शमिकाला आधी दोनदा दिवस राहून गेले होते, त्यामुळे लीलाच्या जिवाला घोर होता. जाण्याआधी ती गावदेवीला नवस बोलली. बाळ-बाळंतीण सुखरूप राहिली तर शिमग्याला बाळाचं नाव गाऱ्हाण्यात घालीन. आमच्याकडे शिमग्याला पालखी निघते आणि गुरव देवीपुढे उभा राहून गावाचं मागणं मोठ्याने बोलतो, ते गाऱ्हाणं. कोणाकडे मूल झालं असेल तर त्याचं नाव त्यात घेतात. नाव घरच्या कर्त्या पुरुषाने गुरवाला सांगायचं. म्हणजे नवस लीलाचा आणि काम माझं.

मलाही तिकडे चला म्हणून ती मागे लागली होती. मी गाईचं कारण सांगितलं. खरं कारण वेगळं होतं. पासपोर्ट काढला असता तर त्यावर माझं नाव आलं असतं.

माझं नाव धोंडू. मी छत्तीस वर्षं भाट्याच्या नारळ संशोधन केंद्रात रोपवाटिकेत होतो. नवीन साहेब आला की हजेरी घेताना एकदा तरी हसायचा. "धोंडू, जरा तो धोंडा उचल," हा विनोद मी किती जणांकडून ऐकला, मोजदाद नाही. शमिकाचं लग्न ठरलं तेव्हा शेजारच्या हरिहर मास्तरांना विचारून मी पत्रिकेवर धनंजय छापून घेतलं. परदेशी माणसं अर्थ विचारतात म्हणे. लीला पत्रिका बघून म्हणाली, "हा धनंजय कोण? माझं लग्न लावलं त्याच्याशी कधी?" आणि दोन दिवस बोलली नाही.

जानेवारीच्या नऊ तारखेला बाळ झालं. मुलगा. लीलाचा फोन आला, ती नुसती हसत होती. पोलंडच्या थंडीबद्दल तिची रोज एक तक्रार असायची. त्या दिवशी म्हणाली, "इथं फ्रिज कशाला घेतात तेच कळत नाही, खिडकी उघडली की झालं." मग म्हणाली, "नाव ठरलं. काझिमियेश."

"काय?"

"का-झि-मि-येश. मला चार दिवस लागले. घरात काझिक म्हणायचं, ते सोपं आहे. मारेकच्या पणजोबांचं नाव. त्यांच्याही आधी एकाचं होतं. त्यांच्याकडे जुन्या राजांचीसुद्धा असायची ही नावं."

मी मास्तरांकडे गेलो. त्यांनी मोबाईलवर शोधलं आणि चष्मा वर केला. "धोंडू, हे दोन शब्द आहेत बघ. एक मोडणं, नासवणं. दुसरा शांतता. काहीजण वेगळा अर्थ सांगतात, पण बहुतेक ठिकाणी हाच दिलाय. शांतता मोडणारा."

"मुलाला असलं नाव?"

"त्यांच्यात मोठं मानाचं आहे रे. आपल्याला काय करायचंय?"

पण मला राग आला होता. त्याच संध्याकाळी मी लीलाला बोललो. तू तिथे असून हे कसं होऊ दिलंस? एवढ्या नवसाचं पोर आणि त्याला हे नाव? देवीसमोर मी हे सांगू?

"अर्थ मला माहिती आहे," लीला म्हणाली. मारेकची आजी हेलेना तिथेच जवळ राहते. दोघी एकमेकींची भाषा न येता रोज बसायच्या, अडलं की शमिकाला हाक मारायच्या. हेलेनाने तिला सांगितलं होतं की जुन्या काळी लढाया, रोगराई, पोरं जगायची नाहीत. म्हणून मुलाला दांडगं नाव द्यायचे. वाईट काही आलंच तर ह्यानेच त्याची झोप उडवावी. आता कोणी अर्थ बघत नाही, घराण्याचं नाव म्हणून ठेवतात. "आणि त्यांच्या कॅलेंडरात प्रत्येक तारखेला नावं छापलेली असतात. ज्याचं नाव त्या दिवशी, त्याचा सण. वाढदिवसापेक्षा मोठा करतात. काझिमियेशचा चार मार्चला. त्या दिवशी तुम्ही फोनवर त्याला नावाने हाक मारायची. मी मांडीवर घेऊन बसेन."

"मी बाळ म्हणेन."

"तुमच्या आईने तुम्हाला दगड म्हटलं. तुम्ही दगड झालात का?" मग जरा थांबून म्हणाली, "थोडे झालात म्हणा."

मी फोन ठेवला. त्यानंतर ती फोन करायची, पण मी गाय, सुपारी, पाणी एवढंच बोलायचो. बाळाचा विषय निघाला की, बरं आहे ना, एवढंच विचारायचो. ती रोज एकदा म्हणायची, मारा हाक, आतापासून सवय करा. मी टाळायचो.

सव्वीस फेब्रुवारीला संध्याकाळी तिचा व्हिडिओ कॉल आला. बाळाला लाल टोपडं घातलं होतं. तिने त्याला फोनसमोर धरलं आणि त्याच्या कानामागून तोंड काढून म्हणाली, "बघ रे, आजोबा. चिडके आहेत, पण बरे आहेत. हं, मारा आता हाक."

मी म्हटलं, "लीला, ऐकू येत नाही. रेंज नाही." आणि बंद केला.

रेंज होती.

दुसऱ्या दिवशी मारेकचा फोन आला, तो सांगितलाच.

तिला इकडे आणणं जमलं नाही. बाळ सात आठवड्यांचं, शमिका ओली बाळंतीण, कागदपत्रं वेगळीच. दहन तिकडेच झालं. माझा पुतण्या संदेश फोन धरून बसला होता आणि मी त्यात बघत होतो. एक लाकडी पेटी होती, फुलं होती. हेलेना काळ्या कोटात काठी टेकून उभी होती. मग पडदा ओढला आणि संपलं. इकडचे विधी संदेशने केले. मी सांगतील तिथे बसत होतो.

चार मार्च सुतकातच आला. शमिकाने फोन केला. केक आणला नव्हता. हेलेनाने लीलाच्या फोटोपुढे मेणबत्ती लावली होती. शमिका म्हणाली, "बाबा, आजचा दिवस आईने ठरवला होता. तिचा एवढा जीव होता. मारा ना एकदा हाक." मी विचारलं, बाळ दूध पितंय ना. ती म्हणाली, "राहू दे, बाबा." आणि मग तिने मला एक गोष्ट सांगितली. हेलेनाने एकदा विचारलं होतं, शमिकाच्या वडिलांच्या नावाचा अर्थ काय. शमिका पत्रिकेवरचं धनंजय सांगायला लागली, तर लीलाने तिला थांबवलं. म्हणाली, खरं सांग, धोंडू. दगड. का ठेवलं तेही सांग. ते ऐकून हेलेनाने लीलाचा हात धरला होता आणि बराच वेळ सोडला नव्हता.

"का ठेवलं होतं, तिने काय सांगितलं?" मी विचारलं.

"तुम्हाला माहीत नाही?"

मला एवढंच माहीत होतं की आधीची भावंडं गेली म्हणून ठेवलं. तसं गावात सगळ्यांना माहीत असतं. पुढे काही विचारावंसं मला कधी वाटलं नाही. नावाची लाज वाटायची, त्यामुळे विषयच नको असायचा.

त्या दिवसांत माझी चुलत बहीण गंगुबाई रोज डबा घेऊन यायची. माझ्याहून नऊ वर्षांनी मोठी. अंगणात बसून मी जेवतो की नाही ते बघायची. मी तिला विचारलं, "अक्का, माझं नाव कोणी ठेवलं?"

"तुझ्या आईने. दुसरं कोण ठेवणार?"

"तू होतीस?"

"होते तर. नऊ वर्षांची होते. जेव आधी." मी दोन घास घेतले, तेव्हा ती पुढे बोलली. "तुझ्या आधीची तीन. पहिला राजाराम, दुसरा गोविंद, तिसरी मुलगी सोनू. तिघंही वर्षाच्या आत. तू झालास तेव्हा बारशाला बायका जमल्या. सगळ्या म्हणाल्या, लक्ष्मण ठेव, विठ्ठल ठेव. काकी म्हणाली, चांगली नावं देऊन झाली माझी. तुला उकिरड्यावर नेऊन ठेवलं तिने स्वतः. परत उचलून आणलं आणि म्हणाली, हा धोंडा मला सापडला, कोणाला नको असेल तर मी ठेवते."

"आणि?"

"आणि काय? रडली. तुझ्या कानात धोंडू म्हणायची आणि रडायची. आम्हा पोरींना हसू यायचं. पाठीत धपाटा बसला माझ्या."

"हे तू मला कधी सांगितलं नाहीस."

"तू कधी विचारलंस, धोंड्या? लीलाने विचारलं. लग्न होऊन आली त्याच वर्षी विचारलं. माझ्याकडे तांदूळ निवडत बसली होती आणि ऐकून तीसुद्धा रडली."

म्हणजे लीलाला चाळीस वर्षं हे माहीत होतं. तिला ते नाव कधीच हसण्यासारखं वाटलं नाही. मी पत्रिकेवर ते बदललं तेव्हा ती दोन दिवस का बोलली नाही, तेही मला त्या दिवशी समजलं.

तेरावं झालं आणि तीन दिवसांनी शिमगा. मानकऱ्यांनी निरोप पाठवला, यंदा तुमच्या घरी पालखी आणत नाही, वर्ष होऊ दे. रीतच आहे तशी. पण सहाणेवर, जिथे पालखी बसते तिथे, गाऱ्हाण्याला कोणीही उभं राहू शकतं. जावं की नाही मला कळत नव्हतं. गंगुबाई म्हणाली, "नवस तिचा आहे. ती तर येणार नाही. तू जा."

शिमग्यापर्यंत मी रोज नाव म्हणत होतो. गाईला चारा घालताना, विहिरीवर. लीलाने तोडून सांगितलं होतं तसं, चार तुकडे करून.

सहाणेवर सगळा गाव होता. मी नारळ घेऊन पुढे गेलो. सागर गुरव नात्यातलाच, तिशीचा पोरगा. त्याने मला बघितलं आणि ढोल थांबवायला सांगितले.

"काका, बोला."

"लीलाचा नवस आहे. नातवाचं नाव घालायचं."

"काय नाव?"

"काझिमियेश."

"परत एकदा सांगा हो."

मी परत सांगितलं. मागून आमच्या वाडीतल्या अनिलने विचारलं, "म्हणजे काय हो, धोंडूभाऊ?"

"शांतता मोडणारा," मी म्हटलं.

दोघे-तिघे हसले. कोणीतरी म्हणालं, "पोरगंच ते. झोप मोडणारच." त्यावर बाकीचेही हसले. त्यात वाईट काही नव्हतं. पण मी मागे वळलो.

"माझं नाव धोंडू आहे," मी म्हटलं. "आईची तीन मुलं गेली म्हणून तिने मला दगड म्हटलं, मी राहावा म्हणून. या पोराच्या आईचीही दोन पोटातच गेली. ते नाव त्याच्या पणजोबांच्याही आधीपासून आलंय. ते बाळाला राखायला आहे. आता हसा."

अनिल म्हणाला, "चुकलं, भाऊ."

सागरने नारळ हातात घेतला. "हे आई, हा धोंडू रामाचा, तुझं लेकरू. त्याची घरधनीण लीला तुला बोलली होती. ती परमुलखात गेली, तिला तू तुझ्याजवळ घे. तिच्या नातवाला, काझि, मियेशला," इथे तो अडखळला, माझ्याकडे बघितलं, मी मान हलवली, "थंडीवाऱ्यातून सांभाळ. त्याच्या वाटेला जे वाईट येईल त्याची तूच वाट मोड." सगळे म्हणाले, "होय म्हाराजा." नारळ एका घावात फुटला.

घरी आल्यावर मी शमिकाला फोन करून सांगितलं. ती रडली, मारेकला सांगायला गेली, मारेक आला आणि "बाबा, हो, हो," म्हणाला.

शमिका मे महिन्यात बाळाला घेऊन येईल. लीलाच्या अस्थी आणेल. बाळाचे कागद व्हायचे आहेत. त्या संध्याकाळी रेंज होती, हे मी तिला सांगितलेलं नाही. ती रोज फोन करते आणि बाळाला समोर धरते. तो आता फोनकडे टक लावून बघतो. मी त्याला बाळा म्हणतो, सोन्या म्हणतो. काझिमियेश हे नाव मी गाईपुढे म्हटलं, गावापुढे म्हटलं, देवीपुढे म्हटलं. त्याला स्वतःला अजून त्या नावाने हाक मारलेली नाही.