ज्याले ढ म्हणतात

आमच्या गावात ढ हा शब्द फक्त माणसांसाठी नव्हता. धानाच्या बांधीच्या मधोमध नांगर अडवून उभा राहणारा बैल ढ. फुंकून फुंकून डोळे लाल झाले तरी न पेटणारी ओल्या लाकडाची चूल ढ. मांडवावर न चढता खालीच गुंडाळून बसलेला दोडक्याचा वेल, तोही ढ. जे जिथल्या तिथं राहिलं, ते ढ. पण बैलाला म्हटलं तर बैल कान हलवायचा आणि चुलीला म्हटलं तर चूल धूर ओकायची. माझ्या विशाखाला म्हटलं की ती मान खाली घालून पायाच्या अंगठ्यानं माती उकरत राहायची.

विशाखा पहिलीत नापास झाली त्या उन्हाळ्यात माझा बारका चार महिन्यांचा होता. तिचे बाबा नाकाडोंगरीकडे खाणीत होते, महिन्या-दीड महिन्यानं यायचे. घरात मी, सासूबाई, मामाजी म्हणजे माझे सासरे, आणि ही दोन लेकरं. बारका रात्रभर चोखायचा, पहाटे मी धान कांडायला उठायची, आणि दिवस कुठं सुरू झाला अन् कुठं संपला हे मला कळायचं नाही. विशाखाला घेऊन बसायचं असं रोज ठरवायची. ती पाटी घेऊन चुलीपाशी यायची, दोन अक्षरं काढायची, आणि मीच बसल्या बसल्या पेंगायची.

"आई, तू झोपली का?"

"नाही वं. काढ तू."

ती काढायची. 'क' काढायची, 'म' काढायची, पण जोडून वाच म्हटलं की गप्प. एकेक अक्षर ओळखीचं, दोन शेजारी आली की दोन्ही अनोळखी.

मामाजींचं नाव तेजराम. छप्पन साली दीक्षेला नागपूरला गेले तेव्हा चपला तुटल्या म्हणून अर्धी वाट अनवाणी चाललेला हा माणूस. स्वतः अंगठेबहाद्दर, पण त्यांच्या लेखी शाळा म्हणजे काय होतं ते शब्दात सांगता येणार नाही. मी सातवी पास आहे एवढ्यावर त्यांनी मला सून करून आणलं होतं. त्यांच्या घरातली पहिली नात पहिलीतच बसली. ते तिला एका शब्दानं बोलले नाहीत. फक्त त्या दिवशी जेवले नाहीत, पोट दुखते म्हणाले.

जूनच्या शेवटी शाळा उघडली. विशाखाच्या बरोबरीच्या पोरी दुसरीच्या वर्गात गेल्या आणि ही दाराजवळ बारक्या पोरांच्या रांगेत बसली. चार दिवस गेली. पाचव्या दिवशी दप्तर खुंटीला अडकवलं आणि म्हणाली, "मी नाही जात."

"काहून?"

"ते लहान लहान पोट्टेबी मले ढ म्हणतात."

मी बारक्याला कडेवर घेऊन गुरुजींकडे गेले. आनंदराव गुरुजी म्हणजे वाईट माणूस नव्हे. एका खोलीत दोन वर्ग, साठ पोरं, आणि घसा बसलेला. त्यांनी मला बसायला खुर्ची दिली, तेव्हाच मला कळलं की चांगलं काही ऐकायला मिळणार नाही.

"विशाखाची आई, मी तिला घरी ठेवा असं म्हणत नाही. पण माझ्याकडून होईल तेवढं मी केलं. काही मुलं असतात तशी."

"कशी जी?"

गुरुजी थोडे अवघडले. मग शिकवायची सवय असलेला माणूस अवघडल्यावर जे करतो तेच त्यांनी केलं, शिकवू लागले. फळ्यावर ढ काढला. म्हणाले, "आपली सगळी अक्षरं जुन्या ब्राह्मी लिपीतून आली. पवनीला टेकडी खोदली तेव्हा दगड निघाले ना, त्यांच्यावर कोरलेली आहेत तसलीच अक्षरं. दोन हजार वर्षांत सगळी बदलली, ओळखू येणार नाहीत इतकी. हा ढ मात्र तेव्हा होता तसाच राहिला. म्हणून जो पुढे सरकत नाही त्याला ढ म्हणतात. यात शिवी काही नाही."

मी फळ्यावरच्या त्या अक्षराकडे पाहिलं. बारक्यानं माझ्या खांद्यावर दूध टाकलं. ते पुसत पुसत मी घरी आले.

संध्याकाळी सासूबाईंनी विषय काढलाच. आमच्या सासूबाई, सीताबाई, मनानं कठोर नव्हत्या, पण त्यांचे गुडघे गेले होते आणि धानाचा रोवणा तोंडावर आला होता. "पोट्टीचं मन नाही लागत त कायले ओढता? बारक्याले धरून बसन. मले काही त्याले घेऊन उठता-बसता येत नाही. हिले रोवण्याले जाता येईन." हिले म्हणजे मला. त्यांचं म्हणणं खोटं नव्हतं. मी कामाला गेले नाही तर घरात पुरत नव्हतं.

मामाजी ओसरीवर दोर वळत होते. मी त्यांना गुरुजींनी सांगितलेलं सांगितलं, अक्षराचंसुद्धा. त्यांनी दोराला एक पीळ दिला. मग म्हणाले, "मंजे इतक्या वर्षात त्या अक्षराले कोणी हातच नाही लावला."

मला त्यातलं काही नीट समजलं नाही. माझ्या हातात पीठ होतं.

"मी पोरीले ओढत नेणार नाही," ते म्हणाले. "मले कोणी ओढत नेलं नोतं नागपूरले. तिनं म्हणावं, जाते म्हणून. पोळ्यापर्यंत म्हणाली त पुढचं मी पाहून घेईन. नाही म्हणाली, त राहू द्या घरी."

म्हणजे पोळ्यानंतर दप्तर खुंटीवरच राहणार. एकदा घरी राहिलेली पोर पुन्हा शाळेत गेल्याचं आमच्या गावात मी पाहिलं नव्हतं.

रोवणा सुरू झाला. शाळेच्या मागच्या बांध्यांमध्ये आम्ही दहा-बारा बाया होतो. धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, मोहाचं झाड, त्याला लुगड्याची झोळी बांधलेली, झोळीत बारका, आणि झोळीची दोरी धरून पोत्याची खोळ घेतलेली विशाखा. शाळेतून पाढ्यांचा आवाज यायचा. ती शाळेकडे पाठ करून बसायची.

ज्यांनी रोवणा केला नाही त्यांना सांगते. बाया एका रांगेत वाकून उभ्या राहतात, डाव्या हातात पऱ्ह्याची, म्हणजे धानाच्या रोपांची, पेंढी, उजव्या हातानं चिखलात एकेक चूड रोवायचा आणि मागं सरकायचं. हे एकच काम असं आहे की ज्यात पुढं जायचं म्हणजे मागं जायचं असतं. प्रत्येकीची आपली पट्टी. जिचा हात चालत नाही ती जागेवर राहते, शेजारणी मागं निघून जातात, आणि मग गंमत म्हणून दोघी आपापली पट्टी रुंद करत तिच्या पाठीमागं रोवून टाकतात. चारी बाजूंनी हिरवं आणि मधे ती एकटी. बाहेर यायचं तर रोवलेलं तुडवत यावं लागतं. तिला कोंडली म्हणतात, आणि ती कोंडली की अख्खी रांग हसते.

त्या दिवशी मी कोंडले.

रात्री बारक्याला ताप होता. सकाळी कमरेत वाकताना डोळ्यांपुढं अंधारी येत होती. हात चालतोय असं मला वाटत होतं. मान वर केली तेव्हा माझ्या दोन्ही अंगांना धान उभं होतं, आणि मागं वळून पाहिलं तर मागंही.

"कोंडली वं कोंडली!" चंद्रभागाबाई ओरडली. ती आमची म्होरकी, जिभेला हाड नव्हतं. "सातवी पास बाई कोंडली! काहून वं, शाळेत हेच शिकवलं का? जशी पोट्टी तशी माय. ढ त ढच!"

हसणं उठलं. मीही हसले. रोवण्यात रडत नाहीत. पण माझी नजर धुऱ्यावर गेली. विशाखा उभी राहिली होती. तिच्या हातातली झोळीची दोरी सुटली होती.

मी पेंढी घेऊन तशीच उभी. पाय पिंडऱ्यांपर्यंत गाळात. बाहेर निघायचं म्हणजे दुसरीचं रोवलेलं मोडायचं, आणि आत राहायचं तर एवढी पट्टी एकटीनं भरायची. खरं सांगायचं तर मला तिथंच, त्या चिखलात, बसून घ्यावंसं वाटलं.

तेवढ्यात शकुनबाई आली. माझ्या डाव्या हाताची ती, वयानं थोराड, कमी बोलणारी. आपली पट्टी सोडून, पाय वाचवत वाचवत, ती माझ्या कोंडवाड्यात शिरली. माझ्या हातातली अर्धी पेंढी काढून घेतली आणि माझ्या शेजारी वाकून रोवायला लागली.

"शकुन, तूबी कोंडली का वं?" चंद्रभागाबाईनं विचारलं.

"हो माय," शकुनबाई म्हणाली, "इथं गार लागते."

पुन्हा हसणं झालं, पण ते वेगळं. तिचा हात माझ्या हाताच्या पुढं नव्हता, मागंही नव्हता. ती रोवायची तेव्हा मी रोवायची. थोड्या वेळानं माझ्या लक्षात आलं की माझा हात चालतोय. दोघींनी मिळून पट्टी भरली आणि हिरव्यातून हळूच पाय काढत रांगेला लागलो. माझ्या पेंढीचा चिखल तिच्या बांगड्यांना लागला होता एवढंच.

दिवस कलताना घरी निघालो. बारका माझ्या पाठीशी बांधलेला, विशाखा बाजूला. ती वाटेतले चिखलाचे खड्डे चुकवत चालली. मग म्हणाली,

"आई, तुलेबी ढ म्हटलं त्यायनं."

"हो ना बाप्पा."

"मंग तू हासली काहून?"

"मंग काय करू?"

तिनं वाटेतला एक खडा पायानं उडवला.

"तुह्याजवळ शकुनकाकू आली," ती म्हणाली. "माह्याजवळ कोणीच नाही येत."

मी चालायची थांबले. गुरुजींनी शिकवलं होतं, पाटी होती, पुस्तक होतं, आजा होता, मी होते. आणि या सगळ्यांत तिच्या पट्टीत शिरून तिच्या शेजारी वाकलेलं कोणी नव्हतं. मी चुलीपाशी तिला 'काढ तू' म्हणायची आणि झोपायची.

"मी आली त?" मी म्हटलं.

"शाळेत?"

"शाळेत. दुपारी शिदोरीची सुट्टी असते ना आमची, तेवढ्या वेळ. तुह्याजवळ बसीन."

"पोट्टे हासतीन."

"हासू दे. म्हणीन, इथं गार लागते."

तिला हसू आलं. ओठ दाबले तरी आलं. ओसरीवर पोचल्यावर ती मामाजींसमोर जाऊन उभी राहिली आणि जमिनीकडे पाहत म्हणाली, "आबाजी, मी जाते शाळेत. आई येऊन राहिली माह्यासंगं."

मामाजींनी एवढंच विचारलं, "मंग बारक्याची झोळी कोण हालवन?" आणि कोणी उत्तर द्यायच्या आधी स्वतःच म्हणाले, "मी बसतो."

दुसऱ्या दिवशी धुऱ्यावर तेजरामबुवा बसले. धोतर गुडघ्यांवर, एका हातात काठी, एका हातात झोळीची दोरी. चंद्रभागाबाईला दिवसभर पुरेल एवढं साहित्य मिळालं. "बुवा, दूधबी पाजा आता!" मामाजी म्हणाले, "तू रोव बाई. नाही त तुलेच कोंडतीन." विशाखा सकाळीच दप्तर घेऊन गेली होती. वळून वळून माझ्याकडे पाहत होती.

शिदोरी सुटली. मी दोन घास उभ्यानंच खाल्ले, हातपाय धुतले, बारक्याला झोळीतून काढलं आणि शाळेत गेले. गुरुजींनी मला पाहिलं, माझ्या पायांवरचा वाळत आलेला चिखल पाहिला. हातातला खडू खाली ठेवला.

"गुरुजी, मी हिच्याजवळ थोडी बसू का? त्रास नाही देणार."

"बसा," ते म्हणाले. मग पोरांकडे वळून, "हसायचं नाही."

पोरं हसलीच. दाराजवळच्या रांगेत एक टिल्लू म्हणाला, "आता दोन ढ!" विशाखा मातीत अंगठा खुपसू लागली. मी तिच्या मांडीला मांडी लावून बसले. बारक्याला पदराखाली घेतलं. पुस्तक दोघींच्या मधे ठेवलं आणि पहिल्या शब्दावर बोट ठेवलं.

"क," ती म्हणाली.

"क," मी म्हटलं.

"म."

"म."

"क... म... ळ."

तिच्या पुढं गेले नाही, मागं राहिले नाही. ती थांबली की मी थांबले. पोरांचं हसणं केव्हा ओसरलं कळलं नाही. बारका चोखता चोखता झोपला होता आणि त्याला उठवू नये म्हणून पुढच्या पोरी एकमेकींना दटावत होत्या. भिंत गार होती. मी पाठ टेकली, थोडीशीच. विशाखाचा आवाज येत होता, अडखळत, थांबत, पुन्हा निघत. मग तो आवाज दूर गेला, मोहाच्या झाडापलीकडं, आणि मला वाटलं मी बांधीत आहे, आणि कोणीतरी माझ्या शेजारी रोवतंय.

दंडाला हात लागला तेव्हा जागी झाले. वर्गात शांतता होती. गुरुजी दुसरीच्या पोरांना हलक्या आवाजात शिकवत होते. बांधीतून चंद्रभागाबाईची हाक येत होती, सुट्टी संपली होती.

"आई," विशाखा कानाशी म्हणाली, "तू झोपली होती."

"नाही वं."

"झोपली होती. घोरत होती." तिनं पुस्तकावर बोट ठेवलं, खाली, दुसऱ्या ओळीच्या शेवटाला. "मी इथवर आली. तुले आयकू आलं का?"

मला काहीच ऐकू आलं नव्हतं. मी बारक्याला खांद्यावर घेतलं, पदर सारखा केला. ती माझ्याकडे पाहत होती.

"थोडं थोडं आलं," मी म्हटलं.

तिनं पुस्तक मिटलं. त्या पानात मोराचं पीस घालून ठेवलं, जिथवर आली होती तिथं. मी दारापाशी गेले तेव्हा मागून, सगळ्या वर्गाला ऐकू जाईल असं, ती म्हणाली,

"उद्या जागी राहजो!"