न दुखलेली जागा

जिजाबाईच्या परवानगीशिवाय तिच्या घरातलं कोंबडंही आरवत नसे, तिथं सुनेची काय बिशाद! देवळीजवळच्या त्या खेड्यात सगळ्यांना हे ठाऊक होतं. त्यामुळे सून शकुंतलाच्या हातावर गोंदण काढायचं ठरलं, तेही जिजाबाईनंच ठरवलं. शकुंतलाच्या मनगटाच्या वर रुपयाएवढा फिकट चट्टा उठला होता. कापूस वेचताना बायांच्या नजरा तिकडं जात, आणि जिजाबाईला ते खपत नव्हतं. वर तुळशीवृंदावन गोंदलं की चट्टा झाकला जाईल, असा तिचा सरळ हिशेब होता.

गोंदणारीण ओसरीवर बसली आणि काजळात सुया बुडवून तिनं काम सुरू केलं. पहिल्या टोच्यांना शकुंतला खांब धरून कळवळली. मग एकाएकी तिचं कण्हणं थांबलं आणि ती गप्पा मारू लागली. गोंदणारणीला तिचं गाव विचारलं, अंगणात खेळणाऱ्या नत्थूला माती खाऊ नको म्हणून दटावलं. गोंदणारणीचा हात थबकला. तिनं चट्ट्यात सुई जोरानं खुपसली. रक्ताचा थेंब वर आला, तरी शकुंतला नत्थूकडेच पाहत होती.

गोंदणारणीनं सुया पुसल्या, बोचकं बांधलं आणि सुपात काढून ठेवलेली ज्वारी न घेताच ती चालती झाली. वृंदावन अर्धवट राहिलं.

सुई टोचूनही न दुखणारी कातडी म्हणजे काय, हे जिजाबाईनं ओळखलं. महारोग काय असतो हे तिला कुणी शिकवायला नको होतं. तिचा थोरला भाऊ भैयाजी त्यातच गेला होता. बापानं त्याला गावाबाहेर नाल्याकाठी खोपडी बांधून दिली होती, आणि लग्नाआधी जिजाबाई त्याला भाकर पोचवायची. भाकर लांबून ठेवून ये, असं माय बजावायची. जिजाबाई मात्र त्याच्याजवळ बसायची, त्याच्याच ताटात जेवायची, कारण त्याचा तिच्यावर फार जीव होता. पुढे त्याची बोटं झडली, नाक बसलं. तिनं हे सासरी कधीच कुणाला सांगितलं नव्हतं.

आणि आता तोच रोग तिच्या ओसरीवर बसला होता. तिचा सगळा जीव नत्थूत अडकला होता. आधीची दोन नातवंडं पाळण्यातच गेली, म्हणून याचं नाक टोचून त्याला नत्थू नाव ठेवलं होतं, काळाची नजर लागू नये म्हणून. तिनं अंगणात धाव घेतली आणि पोराला छातीशी कवटाळलं.

"आजपासून तू गोठ्यात निजजो," ती सुनेला म्हणाली. "ताट येगळं. लेकराले हात लावजो नको."

"माय, मी काय केलं?" शकुंतलानं विचारलं.

"तू काई नाई केलं. पण हा रोग लेकराले सोडत नाई."

शकुंतला वाद घालणारी नव्हती. गोठ्याच्या दारात उभी राहून ती लांबूनच नत्थूला बघायची. तो तिच्याकडं हात पसरून रडायचा, तेव्हा ती पदर तोंडात कोंबून आत वळायची. जिजाबाईला ते दिसायचं आणि तिचं आतडं तुटायचं, पण भीती दयेपेक्षा मोठी होती. ती नत्थूला कुशीत घेऊन निजायची. भाकर स्वतः चावून मऊ करून त्याच्या तोंडात घालायची. त्याचं नाक स्वतःच्या पदरानं पुसायची. तिचं स्वतःचं नाकही अलीकडे सदा चोंदलेलं असे, कधी रक्तही येई. तपकिरीची सवय, दुसरं काय!

बाकी तब्येतीला तिच्या कुणी नाव ठेवलं नसतं. या वयात तिचा चेहरा तुकतुकीत झाला होता. शेजारची प्रमिलाबाई म्हणायची, "जिजाबाई, तुह्या तोंडावर तर तेज चढून राह्यलं." कानातल्या बाळ्या मात्र घट्ट होऊ लागल्या म्हणून तिनं त्या काढून ठेवल्या होत्या. भुवया विरळ झाल्या होत्या, पण म्हातारपणी केस जातातच.

मुलगा कवडू देवळीच्या बाजारातून बातमी घेऊन आला. शाळेमागच्या पत्र्याच्या छपरीत बाजाराच्या दिवशी एक डॉक्टर बसतो, चट्टे तपासतो, गोळ्या देतो. बायकोला दाखवून आणतो, असं तो म्हणाला. जिजाबाईनं आपणही येणार म्हणून सांगितलं. पोरगा बायकोला सांभाळून घेईल, खरं सांगणार नाही, अशी तिला धास्ती होती. डॉक्टरच्या तोंडून एकदा ऐकलं की सुनेला अल्लीपूरला माहेरी धाडायचं, हे तिनं मनाशी पक्कं केलं होतं.

बैलगाडीत पुढं कवडू, मध्ये नत्थूला घेऊन जिजाबाई, आणि अगदी मागं, पाय खाली सोडून, पाठमोरी शकुंतला.

डॉक्टर आर्वीकडचा, बोलणं आपल्याकडचंच. त्यानं शकुंतलाचा हात सरळ हातात घेतला, तेव्हा जिजाबाई दचकली. त्यानं तिला डोळे मिटायला लावले आणि कापसाच्या बोंडातला तंतू काढून कातडीवर फिरवला. "लागलं तिथं बोट ठेवजो." शकुंतलाचं बोट चट्ट्याच्या कडेपर्यंत बरोबर येई आणि आत मात्र चुके. मग त्यानं तिचं कोपर चाचपलं, कान पाहिले, पाठ पाहिली.

"महारोगच आहे," तो म्हणाला. जिजाबाईनं नत्थूला घट्ट धरलं. "पण हिच्यापासून कोणाले भेव नाई. गोळ्या खाल्ल्या का जाईन."

"असं कसं म्हणता, डाक्टरसायेब?" जिजाबाईला राहवलं नाही. "म्या डोळ्यानं पाह्यलं. माह्या भावाले हाच रोग होता. बोटं गेली त्याची."

"त्यालेही असाच चट्टा होता काय?"

"नाई. चट्टा नव्हता. सुरुवातीले दुखणंच नव्हतं. तोंड तेल लावल्यावानी चमके. कान जाड झाले, नाक वाहे..."

बोलता बोलता तिच्या लक्षात आलं की डॉक्टर ऐकत नाहीये, तो तिच्याकडं पाहतोय.

"रोग एकच, बाई," तो हळू बोलला. "पण दर माणसाचं अंग त्याच्याशी येगळं वागते. हिचं अंग भांडून राह्यलं, म्हणून त्यानं रोगाले एका जागी अडवलं. तिथलं कातडं बधिर झालं, चट्टा डोळ्याले दिसला. एखाद्याचं अंग भांडतच नाई. मंग चट्टा नाई, दुखणं नाई, रोग गुपचूप साऱ्या अंगात पसरते, वर्षानुवर्षं. अशा माणसापासून दुसऱ्याले होते." तो थांबला. "तुमच्या कानातल्या बाळ्या काऊन काढल्या?"

"घट्ट झाल्या," जिजाबाई म्हणाली.

त्यानं हात पुढं करून तिच्या कानाची पाळी बोटांत धरली. भैयाजीच्या ताटात जेवलेल्या त्या साऱ्या दुपारी तिच्या डोळ्यांपुढं उभ्या राहिल्या. इतकी वर्षं तो रोग आपल्या अंगात बसून होता, आणि आपण त्याला तेज म्हणत होतो.

"लेकरू कोणापाशी झोपते?" डॉक्टरनं विचारलं.

कवडूनं मान खाली घातली. शकुंतला सासूकडं बघत राहिली. नत्थू जिजाबाईच्या मांडीवर तिचा पदर चोखत होता, ज्या पदरानं ती रोज दोघांची नाकं पुसायची. तिनं पदर त्याच्या तोंडातून ओढून काढला, पोराला दोन्ही हातांनी उचललं आणि सुनेपुढं धरलं.

"घे व माय," ती म्हणाली. "लवकर घे."

डॉक्टरनं नत्थूला उघडं करून तपासलं. आज काही दिसत नाही, पण पुढं दाखवत राहा, असं सांगितलं. हा रोग कित्येक वर्षांनीही डोकं वर काढतो. जिजाबाईलाही गोळ्या मिळतील, ती घरातच राहू शकते, फक्त लेकरू जवळ नको. जिजाबाईनं त्यातलं एकच ऐकलं. कित्येक वर्षांनीही. म्हणजे आता ती मरेपर्यंत रोज नत्थूचे कान बघणार होती, आणि तेही लांबूनच.

परतताना कुणी सांगितलं नव्हतं, तरी ती गाडीच्या अगदी मागं, पाय खाली सोडून, पाठमोरी बसली.

"माय, इकडं ये," शकुंतला म्हणाली. "तिथं ऊन लागते. मीई बसली होती तिथं, मले ठाऊक आहे."

जिजाबाईनं ऐकलं. पण मागं वळून बघायची तिची हिंमत झाली नाही, कारण नत्थू आजीकडं जायचं म्हणून हात पसरून रडत होता.